वेळ झाली : लंडनचे पब आणि एका कवितेतली हाक

इंग्रजी वाङ्मय घेऊन एम.ए. केलेल्या आमच्या पिढीच्या वह्या आज कुणी उघडून पाहिल्या, तर टी. एस. एलियटच्या 'द वेस्ट लँड'च्या दुसऱ्या भागापाशी समासात एक शब्द हमखास सापडेल : काळ. त्या भागाच्या उत्तरार्धात एक बाई आपल्या लिल नावाच्या मैत्रिणीची हकीकत सांगते आहे, आणि तिचे बोलणे तोडत कुणाची तरी हाक मधूनमधून येते. हाक मारणारा आटपायला सांगतो आहे. ही हाक पाच वेळा येते, सगळी मोठ्या लिपीत छापलेली. तीत साध्या अपॉस्ट्रॉफीचीही दखल घेतलेली नाही. शेवटच्या दोन हाका तर एकामागोमाग एक येतात. आम्हांला शिकवणाऱ्या प्राध्यापकांनी फळ्यावर मोठ्या अक्षरांत 'काळ' असे लिहिले, ही मृत्यूची हाक आहे असे सांगितले, आणि मग सतराव्या शतकातील इंग्रजी कवींकडे वळले. आम्ही ते उतरवून घेतले, परीक्षेत लिहिले, आणि पुढे शिकवण्याची पाळी आली तेव्हा निर्लज्जपणे तेच सांगितलेही.

हा अर्थ चुकीचा आहे असे आम्ही म्हणत नाही. एलियटच्या मनात तो नसेल असे म्हणायलाही आम्ही धजणार नाही. आमची तक्रार वेगळीच आहे. हाक मारणारा माणूस ती का मारतो, त्याला कसली घाई आहे, हा पहिला आणि साधा प्रश्न त्या वर्गात कुणी विचारला नाही. आम्हीही नाही. त्या प्रश्नाचे उत्तर तत्त्वज्ञानात नाही, कायद्याच्या पुस्तकात आहे. आणि ते कायदे तेव्हा अगदी ताजे होते.

महायुद्धापूर्वीचे लंडन या बाबतीत किती सैल होते, याची आज कल्पना येत नाही. १८७४च्या कायद्यानुसार लंडनमधील पबांना आठवड्याच्या दिवशी पहाटे ५ वाजल्यापासून रात्री १२.३० पर्यंत मद्य विकता येत असे. म्हणजे दिवसाचे साडेएकोणीस तास. शनिवारी मध्यरात्री दारे बंद करावी लागत, आणि रविवारी दुपारी १ ते ३ व संध्याकाळी ६ ते ११ एवढीच मुभा होती. पहाटे पाचचा आकडा वाचून आपण दचकतो. पण गोदीतले हमाल आणि कारखान्यातले कामगार कामावर जाताना एक घोट घेऊन जात, कॉफीत रम टाकून पीत, आणि हा शिरस्ता इतका रुळलेला होता की त्यात कुणाला व्यसन दिसत नसे. आपल्याकडे पहाटे टपरीवर चहा घेतात, तसेच ते.

रविवार मात्र पूर्वीपासून भांडणाचा विषय होता. १८३९च्या पोलीस कायद्याने लंडनमध्ये शनिवारच्या मध्यरात्रीपासून रविवार दुपारपर्यंत पब बंद केले. १८५४ साली रविवारचे तास आणखी कापले गेले. लगेच दुसऱ्या वर्षी रविवारचा व्यापारच बंद करण्याचे एक विधेयक पार्लमेंटात आले, आणि १८५५च्या जून-जुलैत हाइड पार्कमध्ये दंगे झाले. गाड्या-घोड्यांतून फेरफटका मारायला आलेल्या श्रीमंतांना लोकांनी घेरले आणि 'चर्चला जा!' म्हणून ओरडा केला. विधेयक मागे घ्यावे लागले. त्या गर्दीत उभ्या असलेल्या कार्ल मार्क्सला तर इंग्लंडमधली क्रांती सुरू झाल्यासारखे वाटले आणि त्याने एका जर्मन वृत्तपत्राला तसे कळवूनही टाकले. क्रांती काही झाली नाही, पण मार्क्सने मुद्दा नेमका पकडला होता. श्रीमंताच्या घरी तळघरात वाइन असते आणि क्लबात नोकर असतात. मजुराला पगार शनिवारी मिळतो आणि बसायला घरात जागा नसते. घड्याळाचा कायदा दोघांना सारखाच लागू असला, तरी त्याचा जाच एकालाच होतो.

१८७२ साली गृहमंत्री हेन्री ब्रूस यांनी परवान्यांचा नवा कायदा आणला, तेव्हा पीटरबरोचे बिशप मॅगी यांनी लॉर्ड्सच्या सभागृहात सांगितले, की सक्तीने शुद्धीवर ठेवलेल्या इंग्लंडपेक्षा मोकळे इंग्लंड आपल्याला अधिक पसंत आहे. धर्मगुरूच्या तोंडी हे वाक्य यावे याचे आम्हांला अजूनही कौतुक वाटते. १८७४च्या निवडणुकीत ग्लॅडस्टन हरले आणि जिन व बिअरच्या लोंढ्याने आपल्याला वाहून नेले, असे त्यांनी भावाला लिहिले. नव्या सरकारने लंडनच्या वेळा किंचित सैल केल्या. पुढची चाळीस वर्षे त्या तशाच राहिल्या.

मग ऑगस्ट १९१४ उजाडला. युद्ध जाहीर झाल्यावर चारच दिवसांत 'डिफेन्स ऑफ द रेल्म अॅक्ट' मंजूर झाला, महिनाअखेरीस मद्यविक्रीच्या वेळा तात्पुरत्या कमी करण्याचा कायदा झाला. लंडनमध्ये साडेबाराचे अकरा झाले आणि ऑक्टोबरात अकराचे दहा. 'तात्पुरते' हा शब्द कायद्याच्या नावातच होता, हे लक्षात ठेवावे. त्याचे पुढे काय झाले ते येईलच.

१९१५च्या वसंतात आघाडीवर तोफगोळे कमी पडू लागले. गोळे कमी का पडतात, याची कारणे अनेक होती : नियोजन नव्हते, कुशल कामगार सैन्यात गेले होते, कारखानदारांना एवढ्या मोठ्या उत्पादनाची सवय नव्हती. पण लॉइड जॉर्ज यांनी एक सोपे कारण उचलून धरले. जर्मनी, ऑस्ट्रिया आणि दारू अशा तीन शत्रूंशी आपण लढतो आहोत आणि त्यांतला तिसरा सर्वांत भारी आहे, अशा आशयाचे त्यांचे भाषण गाजले. राजा पाचवा जॉर्ज याने युद्ध संपेपर्यंत राजवाड्यात मद्य वर्ज्य केले. प्रजेने आणि खुद्द मंत्र्यांनी राजाचा कित्ता फारसा गिरवला नाही. लॉर्ड डॅबर्नन यांच्या अध्यक्षतेखाली मद्यव्यापार-नियंत्रणाचे एक मध्यवर्ती मंडळ स्थापन झाले, आणि त्या मंडळाने आधी कारखान्यांचे व बंदरांचे इलाखे आणि मग लंडन ताब्यात घेतले.

नोव्हेंबर १९१५च्या अखेरीस लंडनमध्ये नव्या वेळा लागू झाल्या : दुपारी १२ ते २.३० आणि संध्याकाळी ६.३० ते ९.३०. साडेएकोणीस तासांचे साडेपाच तास झाले. पहाटेचा घोट गेला, दुपारनंतरची रेंगाळ गेली, रात्रीचे जागरण गेले. त्याआधी ऑक्टोबरातच 'पाजण्या'वर बंदी आली होती. इंग्रज कामगाराचा रिवाज असा, की चार मित्र जमले तर प्रत्येकाने एकेक फेरी पाजायची. म्हणजे एकच ग्लास घ्यायला गेलेला माणूस चार रिचवून उठे. आता ज्याने त्याने आपापले पैसे द्यायचे. जेवणाबरोबर घेतले तर सूट होती. साऊदॅम्प्टनमध्ये एका नवऱ्याला बायकोसाठी ग्लास विकत घेतल्याबद्दल दंड झाला. विनोदी साप्ताहिकांनी या हुकमाची भरपूर टर उडवली. पण आम्हांला तो हुकूम सगळ्यांत अर्थपूर्ण वाटतो. सरकार प्रथमच पिण्याच्या प्रमाणावर न थांबता पिण्यातल्या आपलेपणावर हात घालत होते.

परिणाम झाला का? आकडे तर बोलके आहेत. इंग्लंड आणि वेल्समध्ये दारूच्या नशेबद्दल १९१४ साली सुमारे १ लाख ८४ हजार लोकांना शिक्षा झाल्या होत्या. १९१८ साली हा आकडा २९ हजारांवर आला. मंडळाने याचे श्रेय वेळांना दिले. पण तोवर पिणारे लाखो तरुण फ्रान्सच्या चिखलात होते, बिअर पाणचट झाली होती, आणि तिची किंमत दुपटीच्या पुढे गेली होती. घड्याळाने किती केले आणि बाकीच्यांनी किती, हे वेगळे काढणे कठीण आहे. तरीही युद्ध संपल्यावर पार्लमेंटापुढे आकडेच ठेवले गेले, आणि आकड्यांपुढे बिशप मॅगींचे वाक्य कुणाला आठवले नसावे.

या सगळ्यात स्त्रियांचे काय चालले होते, हे मात्र वेगळे सांगायला हवे, कारण लिलची गोष्ट तिथूनच सुरू होते. नवरा सैन्यात गेलेल्या बाईला सरकारकडून भत्ता मिळे. स्वतःच्या हातात स्वतःचा पैसा, बरोबर शेजारणी, आणि घरात जाब विचारणारा कुणी नाही, असे दिवस या बायकांनी प्रथमच पाहिले, आणि त्या पबात दिसू लागल्या. यावर समाजाने जो गहजब केला तो अपेक्षितच होता. ऑक्टोबर १९१४ मध्ये गृहखात्याने एक परिपत्रक काढले : 'अपात्र' बायकांचा भत्ता बंद करता येईल, आणि ही अपात्रता शोधून काढण्यासाठी पोलिसांनी त्यांच्यावर लक्ष ठेवावे. सिल्व्हिया पँकहर्स्ट आणि ईस्ट एंडमधल्या त्यांच्या सहकारी स्त्रियांनी याविरुद्ध आवाज उठवला. नवरा देशासाठी मरायला गेलेला, आणि बायको ग्लास हातात धरते का हे पाहायला दारात शिपाई, असा हा प्रकार होता.

आता कविता पुन्हा उघडू. लिलचा नवरा अल्बर्ट सैन्यातून सुटून येतो आहे. लिल एकतीस वर्षांची आहे, पाच मुले झाली आहेत, आणि सहावे नको म्हणून घेतलेल्या गोळ्यांनी तिची रया गेली आहे. नवऱ्याने दात बसवायला दिलेल्या पैशांचे तिने काय केले, यावर मैत्रीण तिला टोकते आहे. चार वर्षे सैन्यात काढलेल्या माणसाला सुख हवे असते आणि ते तू दिले नाहीस तर दुसऱ्या देतील, असेही बजावते आहे. हे सारे बोलणे घरकाम करणाऱ्या एलेन केलंड या बाईच्या तोंडचे आपण उचलले, असे एलियटने सांगून ठेवले आहे. या उताऱ्यात एक गोष्ट आम्हांला फार उशिरा दिसली. तो पबात घडतो हे आपण सर्वजण धरून चालतो, पण त्यात ग्लास नाही, बिअर नाही, टेबल नाही, धूर नाही, 'पब' हा शब्दही नाही. खाण्याचा उल्लेख आहे तो डुकराच्या गरम मांसाचा, तोही अल्बर्टच्या घरी झालेल्या जेवणाचा. स्थळ कळते ते केवळ त्या हाकेवरून. म्हणजे १९२२ सालच्या लंडनकराला ती हाक ऐकताच दारे, दिवे, ओला काउंटर आणि घड्याळ हे सगळे दिसत होते. कवीला काही लिहावेच लागले नाही. आणि आम्ही त्या हाकेवरून थेट मृत्यूवर उडी मारत होतो. मधल्या पायरीवर जे लंडन होते, ते आमच्या हिशेबातच नव्हते.

ती हाक कशी चाले, तेही पाहू. पबवाला बहुधा मालक नसे. इमारत दारू गाळणाऱ्या कंपनीची, बिअर त्याच कंपनीची, आणि हा तिचा कूळ. विक्रीचा परवाना दरवर्षी न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे नव्याने मिळवावा लागे. वेळेनंतर गिऱ्हाइकाच्या हातात ग्लास सापडला तर दंड होई, आणि परवान्याच्या सुनावणीत ते प्रकरण पुन्हा निघे. शिवाय 'ग्लास संपवण्यासाठी' म्हणून वेगळी मुदत तेव्हा नव्हती. दहा मिनिटांची तशी मुभा १९६१च्या कायद्याने दिली. त्याआधी ठोका पडला की विकणेही बंद आणि पिणेही बंद. म्हणून पबातले घड्याळ पाच-दहा मिनिटे पुढे ठेवलेले असे, आणि हाक ठोक्याच्या बरीच आधीपासून सुरू होई. पहिली हाक सौजन्याची, दुसरी आठवणीची, पुढच्या काकुळतीच्या. एलियटच्या उताऱ्यात हाकांमधले अंतर कमी होत जाते आणि शेवटच्या दोन लागोपाठ येतात, याला छंदाचे कारण असेल तसे हेही आहे. हाक मारणाऱ्याला पोट आहे आणि बाहेर पोलीस आहे.

तात्पुरत्या कायद्याचे पुढे काय झाले? ऑगस्ट १९२१ मध्ये तो कायमचा झाला. लंडनला दिवसाचे नऊ तास मिळाले, बाकी देशाला आठ. दुपारी किमान दोन तास दारे बंद ठेवण्याची युद्धकालीन सक्ती तशीच राहिली. नेमकी वेळ ठरवण्याचे काम स्थानिक दंडाधिकाऱ्यांवर सोडल्यामुळे गंमत अशी झाली, की रस्त्याच्या एका बाजूचे पब आधी बंद होत आणि समोरच्या बाजूचे नंतर. आणि ठोक्याला एका फुटपाथवरची माणसे घाईघाईने दुसऱ्या फुटपाथवर जात.

कवितेच्या तिसऱ्या भागात लोअर टेम्स स्ट्रीटवरच्या एका पबाचे ओझरते दर्शन होते. तिथे मासळीबाजारातली माणसे भरदुपारी निवांत बसली आहेत आणि वाद्याचा सूर बाहेर ऐकू येतो आहे. हे बिलिंग्जगेटचे लोक. त्यांचे काम पहाटेपूर्वी सुरू होई आणि दुपारी संपे. म्हणजे दुपार ही त्यांची संध्याकाळ. संपूर्ण कवितेत ज्या थोड्या जागी एलियटचा स्वर कडवट नाही, त्यांतली ही एक. आम्हांला वाटते, याचे एक कारण असे की या पबात कुणी हाक मारत नाही. दार नुकतेच उघडले आहे.

कायद्याने जी दारे बंद केली त्यांच्या मागे दुसरी उघडली, हे सांगायला नकोच. १९२०च्या दशकात सोहोमधल्या तळघरांत रात्रीचे क्लब फोफावले. जेरार्ड स्ट्रीटवरच्या '४३ क्लब'ची चालक केट मेरिक हिला अवेळी मद्य विकल्याबद्दल पुनःपुन्हा तुरुंगवास झाला. तिच्या गिऱ्हाइकांत उमराव होते, आणि तिच्या मुली उमरावांच्या घरी सुना म्हणून गेल्या. गृहमंत्री जॉइन्सन-हिक्स यांनी या क्लबांविरुद्ध मोहीम उघडली. पण धाडी घालणाऱ्या पथकातला सार्जंट जॉर्ज गोडार्ड हाच क्लबवाल्यांकडून पैसे घेत होता. आठवड्याला सहा-सात पौंड पगाराच्या या माणसाकडे हजारो पौंड सापडले, आणि जानेवारी १९२९ मध्ये त्याला व मेरिकबाईंना दोघांनाही शिक्षा झाली. इव्हलिन वॉच्या कादंबऱ्यांतला 'ओल्ड हंड्रेड्थ' हा क्लब याच '४३'वर बेतलेला आहे. म्हणजे गरिबाच्या पबातली हाक कवितेत गेली आणि श्रीमंताचे जागरण कादंबरीत. प्रत्येकाला आपापला वाङ्मयप्रकार मिळाला.

या कायद्याची सर्वांत मार्मिक परीक्षा घेतली ती ए. पी. हर्बर्ट या विनोदी लेखकाने. पार्लमेंटाच्या इमारतीतला बार विनापरवाना चालतो आणि त्याला वेळेचे बंधन नाही, हे पाहून त्यांनी १९३४ साली हाउस ऑफ कॉमन्सच्या स्वयंपाकघर-समितीविरुद्ध रीतसर फिर्याद गुदरली. न्यायालयाने निकाल दिला, की सभागृहाच्या अंतर्गत कारभारात आम्ही हात घालू शकत नाही. ज्यांनी साऱ्या देशाला दहाच्या ठोक्याला घरी पाठवले, त्यांच्या स्वतःच्या बारला ठोका लागू नव्हता! वर्षभरात हर्बर्ट स्वतःच त्या सभागृहात निवडून आले, हे आणखी विशेष.

मराठी वाचकाला ही हाक ऐकू येत नाही, याला आमच्या प्राध्यापकांचाच दोष आहे असे नाही. आपल्याकडे दारूचा विचार घड्याळावर कधी झाला नाही. लंडनमध्ये तास मोजले जात होते त्याच वर्षांत गडकरी 'एकच प्याला' लिहीत होते. १९१९ साली ते रंगभूमीवर आले तेव्हा गडकरी हयात नव्हते. त्या नाटकात प्रश्न पहिल्या प्याल्याचा आहे. शेवटच्या फेरीचा नाही. तिथल्या आर्यमदिरामंडळाला बंद होण्याची वेळ नाही, कारण सुधाकराचा ऱ्हास ही नैतिक घटना आहे आणि नीतीला कार्यालयीन वेळ नसते. पुढे १९४९चा मुंबईचा दारूबंदी कायदा आला आणि परमिटाची पद्धत रुजली. त्यात मुख्य प्रश्न 'कधी' हा नव्हता, 'कोण' हा होता : कागद कुणाच्या खिशात आहे, आणि डॉक्टरने त्याच्या प्रकृतीविषयी काय लिहून दिले आहे. इंग्रजांनी वेळ बांधली, आपण माणूस बांधला. तेव्हा पबवाल्याची हाक आपल्याला आध्यात्मिक वाटली, यात नवल नाही. मर्ढेकर १९२९ ते १९३३ या काळात इंग्लंडात होते. ते पबात जात की नाही हे इथे गौण आहे. पण ठरल्या मिनिटाला रस्त्यावर रिकामी होणारी दारे त्या देशात रोज रात्री दिसत. मर्ढेकर आणि एलियट या विषयावर आपल्याकडे पुष्कळ लिहिले गेले आहे, ते बहुतेक सारे प्रतिमांविषयी आहे. दोघांच्याही शहरांना घड्याळ होते, या बाजूने कुणी पाहिले तर आम्हांला वाचायला आवडेल.

दुपारची सक्तीची बंदी १९८८ साली उठली. रविवारची दुपार मोकळी व्हायला १९९५ उजाडले. २४ नोव्हेंबर २००५ पासून नवा कायदा अमलात आला आणि प्रत्येक पबाला आपली वेळ मागून घेण्याची मुभा मिळाली; देश अहोरात्र पिऊ लागेल अशी भीती वर्तमानपत्रांनी घातली होती, पण बहुतेक पबांनी तास-दोन तासच वाढवून घेतले. युद्धातल्या तोफगोळ्यांसाठी केलेली तात्पुरती सोय नव्वद वर्षे टिकली.

गेल्या वर्षी आम्ही ही कविता पुन्हा शिकवली. या वेळी फळ्यावर 'काळ' न लिहिता १२ ते २.३० आणि ६.३० ते ९.३० असे आकडे लिहिले. वर्ग संपताना मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारले, की मग त्या बाईने आपला ग्लास संपवला असेल का? आम्ही पुस्तक उघडून पुन्हा पाहिले. तिचे वाक्यही पुरे झालेले नाही. तिथेच शेवटच्या दोन हाका येतात, मंडळी एकमेकांचा निरोप घेऊ लागतात, आणि निरोप घेता घेता ऑफेलियाच्या तोंडचे शब्द बोलू लागतात.